कॅमेऱ्याकडे तोंड कोणाचं?

आज एका फोटोबद्दल बोलूया. फोटोत पुढे एक बाई आहे, पण आपल्याला दिसतं ते तिचं पाठमोरं डोकं. त्यावर बारीक बारीक वेण्या, नकाशावरच्या रेषांसारख्या नेटक्या. आणि तिच्या पलीकडे, थेट आपल्याकडे बघत, दुसरी बाई उभी आहे.

पाठमोरी आहे ती आर्टिस्ट, सोन्या क्लार्क. (हो, सोन्याच. आपण लहान मुलांना लाडाने म्हणतो तसं!) आणि समोर बघणारी आहे तिच्या वेण्या घालणारी हेअरड्रेसर.

हा 'द हेअर क्राफ्ट प्रोजेक्ट'. अमेरिकेतल्या व्हर्जिनिया राज्यातल्या रिचमंड शहरातला. यादवी युद्धात गुलामगिरी टिकवायला लढलेल्या दक्षिणेची हीच राजधानी होती, हे लक्षात ठेवा. सोन्या तिथल्या विद्यापीठात क्राफ्ट शिकवायची. तिने शहरातल्या ब्लॅक हेअरड्रेसर बायकांना गाठलं आणि प्रत्येकीला दोन कामं दिली. एक, माझ्या डोक्यावर तुला हवी ती केशरचना कर. दोन, तेच कसब कॅनव्हासवर दाखव, केसांऐवजी रेशमाच्या धाग्याने.

आता 'वेणी' म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर पाठीवर लोंबणारी वेणी येते. इथे कॉर्नरो असतात, म्हणजे टाळूला चिकटून शेतातल्या सऱ्यांसारख्या जाणाऱ्या वेण्या. भांग कुठे पाडायचा, कुठून नवीन बट उचलायची, किती ताणायचं, हे सगळं बोटांनाच माहीत असतं. तासन्‌तास बसून करायचं काम. सोन्याचं म्हणणं असं, की धाग्यांच्या सगळ्या कलांची सुरुवातच केसांपासून झाली. मला ते पटतं.

आणि ह्याच केसांमुळे ब्लॅक मुलींना शाळेतून घरी पाठवलंय, नोकऱ्या नाकारल्यात. 'प्रोफेशनल दिसत नाही' म्हणून! केसांवरून भेदभाव करता येणार नाही असा क्राउन ॲक्ट कॅलिफोर्नियाने केला तो 2019 मध्ये, आणि असं करणारं ते पहिलं राज्य. म्हणजे अगदी काल-परवा.

2014 मध्ये मिशिगनच्या आर्टप्राइझ स्पर्धेत परीक्षकांचं सर्वोच्च बक्षीस ह्या प्रोजेक्टला विभागून मिळालं. इथे एक प्रश्न मला सोडत नाही. हेअरड्रेसर बायकांची नावं कामासोबत आहेत, पण गुगलवर आधी येतं ते सोन्याचंच. आम्हा कोड लिहिणाऱ्यांना हे ओळखीचं आहे: कमिट दहा जणांचे, प्रोजेक्ट एकाच्या नावावर. फरक इतकाच, की हिने निदान स्वतः कॅमेऱ्याकडे पाठ केली, आणि डोकं त्यांच्या हातात दिलं.

डोक्यावरच्या वेण्या पुढच्या हेअरड्रेसरकडे जाण्याआधी सोडाव्याच लागायच्या. त्यांचे उरलेत ते फोटो. कॅनव्हासवरच्या रेशमी वेण्या मात्र बॉस्टनच्या म्युझियम ऑफ फाइन आर्ट्सच्या संग्रहात आहेत.