गुहा आणि करवंटी



वैशाखातल्या या उकाड्यात मी तुम्हाला दिवाळीत नेणार आहे. आमच्या सोसायटीत दोन वर्षांपूर्वी किल्ल्यांची स्पर्धा ठेवली होती आणि परीक्षक म्हणून मला उभं केलं होतं. पहिल्या नंबरच्या किल्ल्याला बुरूज, तटबंदी, मोटार लावलेला धबधबा, सगळं होतं. बनवला होता दोन बाबांनी. मुलं नव्या कपड्यांत शेजारी उभी होती. हात स्वच्छ.

जिन्याखाली चार-पाच पोरांचा आणखी एक किल्ला होता. खरं तर ढिगाराच. विटा, त्यांवर ओलं गोणपाट, त्यावर चिखल. गुहा सारखी ढासळत होती. सहाएक वर्षांची एक मुलगी आत हात घालून छत खालून पेलून बसली होती, एक मुलगा वरून चिखल थापत होता. "सोडू?" "थांब." "आता?" सोडलं की पडायची. मग कुणीतरी करवंटी आणली. ती उपडी ठेवून वर चिखल लिंपला. जमलं! पण करवंटी ओढून काढायला गेले, पुन्हा सगळं खाली. मग चिखलात पाणी कमी, सुकं गवत जास्त. शेवटी ठरलं, करवंटी आतच राहू दे.

मी विचारलं, "कुठला किल्ला हा? रायगड की प्रतापगड?" पोरं एकमेकांकडे बघायला लागली. नाव ठेवायचं त्यांच्या डोक्यातच आलं नव्हतं.

आपण मोठी माणसं हेच विचारतो: काय बनवलंस? लहान मुलाला बऱ्याचदा काही बनवायचंच नसतं, नुसतं करायचं असतं. पोळपाटावर कणकेचा गोळा लाटायचा, मोडायचा, परत लाटायचा. आणि आपण शाळेत घालतो तेव्हा निवडतो कोणती बालवाडी? जिच्या भिंतीवर कापसाचे तीस ससे असतात, तिसांचे कान एकाच उंचीचे. ते बाईंनी चिकटवलेले असतात, हे आपल्यालाही कळतं.

करण्यातली ही मजा बक्षिसाच्या आमिषानं कशी कमी होते, ते दाखवणारा लेपर, ग्रीन आणि निस्बेट या तीन मानसशास्त्रज्ञांचा एक प्रयोग 1973 साली प्रसिद्ध झाला. स्टॅनफर्ड विद्यापीठाच्या बालवाडीतली, चित्रं काढायला मनापासून आवडणारी मुलं त्यांनी निवडली. काहींना आधीच सांगितलं, चित्र काढलंत तर सोनेरी शिक्का आणि लाल फीत असलेलं प्रशस्तिपत्र मिळेल. काहींना ते न सांगता नंतर दिलं. उरलेल्यांना काहीच नाही. आठवड्या-दोन आठवड्यांनी चित्रांसाठी दिलेले तेच रंगीत पेन वर्गात नुसते ठेवून दिले. कबूल करून बक्षीस दिलेली मुलं इतरांच्या जवळपास निम्माच वेळ चित्रांत रमली. बक्षिसासाठी काढलेली त्यांची चित्रंही डावीच ठरली होती. अचानक बक्षीस मिळालेल्यांचं मात्र काही बिघडलं नाही. तेव्हा कौतुक करूच नका, असा याचा अर्थ काढू नका. सौदा करू नका, एवढंच.

आपल्याकडे ताराबाई मोडक आणि अनुताई वाघ यांनी 1945 साली बोर्डीला बालशिक्षणाचं काम सुरू केलं, तेव्हा मॉन्टेसरीची महागडी साधनं खेड्यात परवडण्यासारखी नव्हती. त्यांनी शंख-शिंपले, बिया, खडे, पानं वापरली. बालवाडीत न येणाऱ्या मुलांसाठी बालवाडीच त्यांच्या अंगणात नेली. मला त्यातली काटकसर जेवढी भावते, त्याहून शिंपला भावतो. शिंपल्याचं काय करायचं हे त्याच्यावर छापलेलं नसतं. मोजा, रचा, पाणी भरा, कानाला लावा. हल्लीच्या खेळण्यांच्या खोक्यावर तयार वस्तूचा फोटो असतो, आणि मूल बिचारं त्या फोटोपर्यंत पोचायला निघतं.

असो. त्या स्पर्धेत जिन्याखालच्या मंडळींना उत्तेजनार्थ बक्षीस द्यावं असं मी सुचवलं. प्रयोग पाठ असूनही, बरं का! माइकवरून नावं पुकारली. कुणीच आलं नाही. जाऊन बघतो तर गुहेत पणती ठेवली होती आणि हवा न मिळाल्यामुळे ती विझत होती. आता करवंटीला भोक कसं पाडायचं, यावर तिथे भांडण चाललं होतं.