मामा म्हणजे कोण?

(मंडळाच्या वर्धापनदिनी केलेले भाषण)



वर्धापनदिनाच्या भाषणात बोलणाऱ्या बाईने आहारशास्त्रावर नाही तर बालसंगोपनावर बोलावे, असा आपल्याकडील प्रघात आहे. माझा विषय बालसंगोपनापासून फार दूर नाही, पण सरळ त्यातलाही नाही. मला आज एका दोन अक्षरी शब्दाविषयी चार गोष्टी सांगावयाच्या आहेत. तो शब्द म्हणजे ‘मामा’.

आता मामा म्हणजे कोण, हे मराठी बाईला कशाला सांगायला हवे? आईचा भाऊ तो मामा. सुटीत ज्याच्या घरी मुले पंधरा-पंधरा दिवस धुडगूस घालतात तो. लग्नात गुरुजींनी पुकारा केला की नवऱ्या मुलीला हाताला धरून अंतरपाटाशी आणतो तो. शाळेतला शिपाईमामा, चौकातला पोलीसमामा आणि आकाशातला चांदोमामा हे सारे त्याचेच मानलेले भाऊबंद. कोणी आपल्याला फसवले तर ‘त्याने माझा मामा केला’ असेही आपण म्हणतो. भाच्यांचे हट्ट पुरवता पुरवता हा गृहस्थ सहज फसतो, असा त्यातला भाव असावा. काही जण कौतुकाने सांगतात की, या शब्दात ‘मा’ दोनदा आहे म्हणून मामाची माया आईच्या दुप्पट. ऐकायला गोड आहे, पण ही काही व्युत्पत्ती नव्हे.

हाच शब्द घेऊन आपण काळ्या समुद्राच्या पूर्वेकडील जॉर्जिया देशात जाऊ. तेथे मूल ‘मामा’ म्हणून हाक मारते आणि ओ देतो तो बाप! आईला तेथे ‘देदा’ म्हणतात. म्हणजे आपल्या कानांना जे मामा आणि दादा वाटावेत, ते तेथले बाप आणि आई. जॉर्जियन भाषा आपल्या संस्कृतच्या कुळातली नाही, द्राविडी नाही, तुर्कीही नाही. तिचे कूळ चिमुकले आणि अगदी निराळे. या ‘देदा’चा मान मात्र तेथे केवढा! मातृभाषा ती ‘देदाएना’, पृथ्वी ती ‘देदामित्सा’, राजधानीचे शहर ते ‘देदाकलाकी’, आणि जुन्या घराचे छप्पर ज्याच्यावर तोललेले असते तो मधला खांबही ‘देदा’च्याच नावाचा. तिबिलिसीच्या डोंगरावर १९५८ साली एका स्त्रीचा भव्य पुतळा उभारला; तिच्या एका हातात पाहुण्यांसाठी द्राक्षासवाचे पात्र, दुसऱ्या हातात शत्रूसाठी तलवार. नाव अर्थातच ‘देदा’चे. याकोब गोगेबाश्विली नावाच्या शिक्षकाने १८७६ साली तेथल्या मुलांसाठी जे पहिले पुस्तक काढले त्याचे नाव ‘देदाएना’, आणि त्यातले पहिले शब्द ‘आइ इआ’. ‘आइ’ ऐकून आपल्याला वाटावे की आली बरे आई! पण त्याचा अर्थ आहे, ‘हे बघ व्हायोलेटचे फूल’.

जॉर्जिया एकटाच असा उरफाटा देश आहे असेही नाही. मध्य ऑस्ट्रेलियाच्या वाळवंटातील मूळ रहिवाशांची पिट्जंट्जाट्जारा नावाची भाषा आहे (नाव उच्चारताना जिभेला व्यायाम होतो खरा), तिच्यातही ‘मामा’ म्हणजे बापच. उलट आफ्रिकेतील स्वाहिलीत मामा म्हणजे आई, चिनी भाषेत आई, दक्षिण अमेरिकेच्या पर्वतातील केचुआ लोकांच्या भाषेतही आई. या तिन्ही भाषांचे परस्परांशी काहीही नाते नाही. आपल्या संस्कृतात तर ‘मम’ म्हणजे ‘माझे’.

मग एकमेकांशी ओळखदेख नसलेल्या या भाषांना एकच शब्द दिला कोणी? शब्द नव्हे, नाद दिला, आणि तो दिला तान्ह्या मुलांनी.

सहाव्या महिन्यापासून दहाव्या महिन्यापर्यंत केव्हातरी मूल ‘मामामा’, ‘बाबाबा’ अशी साखळी ओढू लागते. ओठ मिटायचे आणि उघडायचे, एवढेच त्यात कसब. जीभ टाळूला लावून ‘ळ’ म्हणायला किंवा ‘र’ थरथरवायला पुढे कितीतरी महिने लागतात. ओठांचे काम मात्र मुलाला जन्मापासून ठाऊक. त्याच्यावरच त्याचे पोट. रोमन याकोबसन नावाचे मोठे रशियन भाषापंडित पुढे अमेरिकेत स्थायिक झाले. ‘मामा आणि पापा का?’ अशा अर्थाच्या मथळ्याचा त्यांचा एक निबंध १९६० साली छापून आला. त्यांचे म्हणणे असे की, अंगावर पिणाऱ्या मुलाचे तोंड भरलेले असते, तेव्हा आवाज निघायचा तो नाकातून, हुंकारासारखा. पुढे नुसते दूध दिसले तरी मूल तोच नाद काढते, मग भूक लागली की काढते, मग आई हवी झाली की काढते. आपल्याला यात नवल वाटू नये. आपण मुलाला भरवताना ‘मम्मं’ म्हणतो, आणि जपानी बायका मुलाच्या खाऊला ‘मम्मा’ म्हणतात. लॅटिनमध्ये ‘मम्मा’ म्हणजे स्तन. त्यावरूनच लिनियसने १७५८ साली दूध पाजणाऱ्या सर्व प्राण्यांच्या वर्गाला नाव दिले.

मर्डॉक नावाच्या अमेरिकन मानववंशशास्त्रज्ञाने जगभरच्या भाषांतून आईबापांना म्हणावयाचे १०७२ शब्द गोळा केले होते. त्यांत आईच्या शब्दांपैकी शेकडा ५५ शब्दांत ‘म’, ‘न’ असे नाकातले वर्ण आढळले. बापाच्या शब्दांत शेकडा १५. याचा अर्थ कल आहे, पण कायदा नाही. जॉर्जियातल्या बापांनी ते दाखवूनच दिले आहे.

येथे मराठी आयांची एक जुनी तक्रार आठवते. नऊ महिने वागवायचे, रात्री जागायच्या, आणि कार्टे पहिल्यांदा म्हणते काय, तर ‘बाबा’! नाहीतर ‘मामा’. मला वाटते, मुलाला दोष देण्याआधी आपण आपला शब्द तपासावा. ‘बाबा’ म्हणताना ओठ दोनदा मिटतात, ‘मामा’ म्हणताना दोनदा मिटतात, ‘आई’ म्हणताना एकदाही नाही. जपानात सोळाव्या शतकातले एक कोडे आहे. त्यात विचारले आहे की, आईसाठी दोनदा भेटतात आणि बापासाठी एकदाही नाही, ते कोण? उत्तर ओठ. जपानीत आईला ‘हाहा’ म्हणतात, बापाला ‘चिचि’. आज ‘हाहा’ म्हणताना ओठ मिटत नाहीत. पण त्या काळी तो उच्चार ‘फाफा’सारखा, ओठ जवळ आणून होत असे, हे पंडितांना या कोड्यावरूनही ताडता आले. आपल्याकडे हे कोडे नेमके उलटे घालावे लागेल.

याच ओघात एक व्यवहाराची गोष्ट सांगते, कारण ती या साऱ्यापेक्षा महत्त्वाची आहे. ज्या मुलाला ऐकू येत नाही तेही पहिले काही महिने हुंकार देते, हसते, आवाज काढते, आणि त्यामुळे घरच्यांना शंकाच येत नाही. अडते ते या ‘मामामा-बाबाबा’च्या साखळीपाशी. ती फार उशिरा येते. तेव्हा दहा महिने होऊन गेले आणि अशी साखळी कानी पडली नाही, तर ‘आमच्या घराण्यात मुले उशिराच बोलतात’ असे म्हणून बसू नये. मुलाचे कान तपासून घ्यावेत. आता जन्मल्यानंतर थोड्याच दिवसांत यंत्राने कानांची तपासणी करता येते. निदान जितके लवकर होईल तितके मूल भाषेला लवकर लागते. सासूबाई काय म्हणतील याची यात वाट पाहू नये. आणि आपल्यापैकी ज्या सासूबाई आहेत त्यांनी स्वतःच सुनेला घेऊन निघावे.

तर नाद मुलाचा. अर्थ मात्र मूल ठरवीत नाही. त्या नादाला जे माणूस धावून येते, ज्याने ओ द्यावी असे त्या घरात ठरलेले असते, त्याच्या पदरी तो शब्द पडतो. इराणात फारसी भाषेत ‘मामा’ म्हणजे सुईण. तिच्याच हातांत मूल पहिल्यांदा येते, तेव्हा तिचा हक्क कोणी नाकारावा? आणि आपल्या शेजारच्या उर्दूत, दिल्ली-हैदराबादकडच्या जुन्या घरांत, ‘मामा’ म्हणजे स्वयंपाकपाणी आणि वरकाम करणारी मोलकरीण. डेप्युटी नझीर अहमद यांची ‘मिरात-उल-उरूस’ ही १८६९ सालची कादंबरी मुलींच्या शिक्षणासाठी लिहिलेली. तिच्यात एक लबाड मोलकरीण आहे, तिचे नाव मामा अजमत. हिशेबात घोळ करून ती सगळे घर कर्जात बुडवते आणि शिकलेली सून तिला उघडी पाडते. मराठी वाचकाला प्रथम वाटावे की हा कोणी अजमत नावाचा मामा आहे!

आमच्या महाराष्ट्रातल्या ‘मामा’ची गोष्ट आणखी निराळी. जुन्या घरांतल्या सुना सासऱ्यांना ‘मामंजी’ म्हणत आणि सासूला ‘आत्याबाई’. आपल्यापैकी पांढऱ्या केसांच्या सर्वांना हे ठाऊक आहे. सासरा हा मामा कसा झाला? तेलुगू, तमिळ मुलखात जाऊन विचारा. तेथे मामा आणि सासरा यांना एकच शब्द आहे, कारण मामाची मुलगी करण्याची तेथे रीत. उत्तर हिंदुस्थानात पुष्कळ ठिकाणी असे लग्न निषिद्ध, आणि महाराष्ट्रातल्या अनेक जातींत ते पसंतीचे. इरावतीबाई कर्वे यांनी १९५३ सालच्या आपल्या ग्रंथात भारतभरच्या नातेसंबंधांचा अभ्यास मांडला आहे. उत्तर आणि दक्षिण या दोन्ही रीती महाराष्ट्रात कशा एकत्र आल्या, ते त्यात पाहावे. म्हणजे आपली भाषा संस्कृतच्या कुळातली, आणि सुनेच्या तोंडचा सासरा दक्षिणेच्या वळणाचा. एरवी परक्या घरात शिरलेल्या मुलीला निदान हाका तरी माहेरच्या मारता येत, हा माझा त्यावरचा शेरा. त्या हाकांनी सासुरवास कमी झाला का, हे ज्यांनी त्या मारल्या त्यांनाच विचारावे.

आता अखेरीस आणखी एक शब्द, ‘मामा’चाच सोबती. ‘आया’. मराठीत आया म्हणजे अनेक आई. पण दवाखान्यातली किंवा पाळणाघरातली ‘आया’ ही त्या शब्दाचे एकवचन-अनेकवचन नव्हे. ती आली पोर्तुगीजांबरोबर. त्यांच्या भाषेत मुले सांभाळणाऱ्या दाईला ‘आया’ म्हणतात. साहेबांनी तो शब्द उचलला, आणि देशभर पसरवला. या दोन्ही आया मराठी कानात एकमेकींशेजारी येऊन बसल्या, केवळ योगायोगाने.

त्या दुसऱ्या आयांपैकी कित्येक जणी साहेबांची मुले कडेवर घेऊन बोटीने विलायतेला गेल्या. वाटेत मुलांची ओकारी काढायची, रात्री जागायचे, अंगाईगीते म्हणायची. मूल रडले की ओ तिनेच द्यायची. आणि बंदराला लागल्यावर कित्येकींना परतीचे तिकीट न देताच सोडून दिले जाई. अशा बायकांसाठी लंडनमध्ये ‘आयाज होम’ नावाचे घर होते. १९०० साली ते हॅकनी भागात किंग एडवर्ड्स रोडवर आले. हिंदुस्थानातल्या आया आणि चिनी ‘आमा’ तेथे परतीची वाट पाहत राहत. त्या इमारतीवर २०२२ साली स्मृतिफलक बसवण्यात आला आहे. फलकावर त्या घराचे नाव आहे; बायकांची नावे लिहायची तर बोटींच्या याद्यांतही पुष्कळदा ‘अमुक साहेबांची आया’ एवढेच सापडते.

आपल्या वस्तीत आज दोन-तीन पाळणाघरे आहेत, आणि घरोघर मुले सांभाळणाऱ्या मावश्या आहेत. त्यांतल्या काही जणी आज मागच्या रांगेत बसल्या आहेत, त्यांना मी मुद्दाम बोलावले आहे. चिटणीसबाईंच्या टेबलावर एक वही ठेवली आहे. ज्यांच्या घरी किंवा हाताखाली लहान मूल आहे त्यांनी तिच्यात चार रकाने भरावेत. मुलाचा महिना, घरात बोलली जाणारी भाषा, मुलाने काढलेला पहिला शब्द, आणि त्याला ओ कोणी दिली ते. मावश्यांनी लाजू नये. चौथ्या रकान्यात आपले स्वतःचे नाव, पूर्ण नाव, लिहावे. नुसते ‘मावशी’ लिहिलेले मी चालवून घेणार नाही. लिहिता येत नसेल त्यांच्यासाठी मी चहा होईपर्यंत टेबलाशीच बसणार आहे.