गांधीजी कुठल्या सालचे?

येरवड्यात बसून जुन्या चित्रफितींबद्दल बोलायचं तर गांधीजींना टाळता येत नाही. १९२२ साली ते इथल्या तुरुंगात आले, १९३२चं उपोषण इथलंच, आणि १९४२ ते ४४ आगाखान पॅलेसमधली कैद. अ‍ॅटनबरोंनी ‘गांधी’ चित्रपटासाठी त्याच पॅलेसमध्ये चित्रीकरण केलं. त्यांच्याकडे बेन किंग्जली होते. माहितीपटवाल्याकडे नट नसतो. तो जुन्या फिती शोधणाऱ्या आमच्यासारख्याला फोन करतो: “बेचाळीसचे गांधीजी द्या, दहा सेकंद पुरेत.”

दहा सेकंद म्हणजे पस्तीस एमेमची पंधरा फूट फीत. ती मिळाली तरी खरं काम पुढेच असतं. डब्यावरच्या चिठ्ठीवर मी विश्वास ठेवत नाही. डबे बदलतात, एका रिळाचा तुकडा दुसऱ्याला चिकटवलेला असतो. आधी फितीची कड बघायची. कोडॅक १९१६पासून कडेला वर्षाची खूण छापत असे: वर्तुळ, चौकोन, त्रिकोण. पण या खुणा दर वीस वर्षांनी पुन्हा त्याच येतात! म्हणजे १९२२ आणि १९४२ची खूण एकच. गांधीजींच्या पंच्यावरूनही उलगडा नाही, कारण तो त्यांनी १९२१मध्येच मदुराईला घेतला. मग चौकट मोजायची. मूकपटाच्या काळात चित्र फितीच्या दोन्ही कडांच्या छिद्रांमधली पूर्ण रुंदी व्यापायचं. बोलपटानंतर ध्वनीच्या पट्टीला जागा द्यावी लागली. शिवाय कडेची खूण सांगते ती कच्ची फीत कधी बनली ते, चित्रीकरण कधी झालं ते नव्हे. आणि नकलेवर मूळ फितीचीही खूण उतरते, तो घोळ वेगळा.

नंतर वेग. सेकंदाला सोळा-अठरा चौकटींनी घेतलेलं चित्र चोविसाने चालवलं की माणसं पळायला लागतात. गांधीजी झपाझप चालत, हे खरं. पण इतके नव्हे.

ए. के. चेट्टियार या तमिळ माणसाने देशोदेशी हिंडून सुमारे पन्नास हजार फूट फीत जमवली आणि त्यातली बारा हजार वापरून १९४०मध्ये गांधीजींवर माहितीपट काढला. पन्नास हजार फूट म्हणजे बोलपटाच्या वेगाने नऊ तासांहून जास्त. आपल्या लॉ कॉलेज रस्त्यावरच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयालाही २०१९मध्ये गांधीजींची असंपादित तीस रिळं मिळाली, सुमारे सहा तासांची. सहा तासांतली प्रत्येक चौकट कुठली, कधीची, हे ठरवायला माणसं लागतात, आणि त्यांचं नाव श्रेयनामावलीत क्वचितच येतं.

१९३२च्या उपोषणाच्या निवेदनावर १९३१च्या लंडन दौऱ्याचं दृश्य टाकायचा मोह दिग्दर्शकांना होतो. मी नाही म्हणतो. दृश्य नसेल तर आजचं तुरुंगाचं दार दाखवा, खाली तारीख लिहा. प्रेक्षकाला ते चालतं.

शेवटी एक विनंती. घरात आजोबांच्या वेळचे फिल्मचे डबे असतील तर प्रोजेक्टरवर लावून बघू नका. फीत आकसलेली असली तर तिथेच फाटते. जुनी नायट्रेट फीत भडका घेते. २००३मध्ये पुण्यातच अशा साठ्याला आग लागली होती. डबा उघडताच व्हिनेगरसारखा वास आला तर फीत वाचवायला वेळ थोडा आहे, असं समजा. कोणाचं लग्न, कुठलं गाव, साल काय, हे आठवणाऱ्या माणसाकडून लिहून घ्या आणि डबे संग्रहालयात दाखवायला न्या.