एकट्याचा वाद्यवृंद : फ्लूम आणि ऑस्ट्रेलियातील स्वतंत्र संगीत

सिडनीच्या मुख्य धक्क्यावरून मॅन्ली या किनाऱ्यावरील उपनगराकडे बोटींची वाहतूक फार जुन्या काळापासून चालत आलेली आहे. सत्तरीच्या दशकात या मार्गावर पाण्याच्या पृष्ठभागावर उचलल्या जाऊन वेगाने धावणाऱ्या काही बोटी होत्या. त्यांपैकी एकीचे नाव होते ‘फेअरलाइट’. बंदराच्या काठी असलेल्या एका घराच्या तळघरात त्याच सुमारास किम रायरी आणि पीटर व्होगेल हे दोन तरुण एक नव्या प्रकारचे इलेक्ट्रॉनिक वाद्य तयार करण्याच्या खटपटीत होते. घर रायरीच्या आजीचे. समोरून ये-जा करणाऱ्या बोटीचे नाव त्यांनी आपल्या उद्योगाला दिले, आणि १९७९ साली ‘फेअरलाइट’ हे वाद्य बाजारात आले.

या वाद्याचे वैशिष्ट्य समजून घेतल्याशिवाय पुढची हकिकत नीट कळावयाची नाही. त्यापूर्वीची इलेक्ट्रॉनिक वाद्ये विजेच्या कंपनांतून कृत्रिम स्वर निर्माण करीत. फेअरलाइट मात्र बाहेरच्या जगातला कोणताही आवाज टिपून घेई. पियानोचा एक सूर असो, कुत्र्याचे भुंकणे असो वा काच फुटल्याचा आवाज असो, त्याचे आकड्यांत रूपांतर करून तो पट्टीवरील सर्व स्वरांत वाजवून दाखवी. टिपलेला नमुना जेमतेम क्षणभराचा असे, पण तेवढा पुरेसा होता. इंग्लंडमधील पीटर गॅब्रिएल व केट बुश, अमेरिकेतील स्टीव्ही वंडर, फ्रान्समधील झाँ-मिशेल जार अशा नामवंतांनी हे यंत्र आपलेसे केले. ते नामवंतांचेच राहिले याचे कारण त्याची किंमत. तेवढ्या पैशांत एखादे घर विकत घेता आले असते. सिडनीत जन्मलेले हे वाद्य सिडनीतल्या सामान्य होतकरू वादकाच्या आवाक्याबाहेरच होते.

ऑस्ट्रेलियाचा या क्षेत्रातील संबंध तसा याहूनही जुना आहे. ‘सिरॅक’ हा त्या देशातील पहिला संगणक. १९५१ साली सिडनीत त्याने लोकांसमोर धून वाजवून दाखविली होती. आज्ञावलीचे काम कोठवर आले हे कळावे म्हणून त्याला एक भोंगा जोडलेला होता. त्या भोंग्यातून सूर काढण्याची कल्पना कोणा हौशी माणसाला सुचावी, हे मनुष्यस्वभावाला धरूनच झाले. तो संगणक मेलबर्न येथे जतन करून ठेवलेला आहे.

फेअरलाइट बोट ज्या किनाऱ्याकडे जात असे, त्याच सिडनीच्या उत्तरेकडील सागरकिनाऱ्यावर हार्ली स्ट्रेटन हा मुलगा लहानाचा मोठा झाला. त्याचा जन्म ५ नोव्हेंबर १९९१ चा. पुढे ‘फ्लूम’ या नावाने तो जगाला माहीत झाला. इंग्रजीत या शब्दाचा अर्थ पाणी वाहून नेणारा पाट असा होतो. शाळकरी वयात तो सॅक्सोफोन वाजवीत असे. तथापि त्याच्या आयुष्याला वळण देणारी गोष्ट वाद्यांच्या दुकानात घडली नाही, ती वाणसामानाच्या दुकानात घडली. वयाच्या तेराव्या वर्षी वडिलांबरोबर खरेदीला गेला असता न्याहारीच्या धान्याच्या एका खोक्यावर त्याची नजर गेली. त्या खोक्यात भेट म्हणून संगीतरचना करण्याच्या साध्या संगणकप्रणालीची तबकडी घातलेली होती. ग्राहक मुलांना भुलविण्यासाठी उत्पादक जी खेळणी, चित्रे वगैरे घालतात त्यांतलाच हा प्रकार. घरी येऊन त्याने ती तबकडी संगणकात घातली आणि पडद्यावर त्याला गाणे वेगळेच दिसले. तालाची एक ओळ, सुरावटीची दुसरी, स्वरसंगतीची तिसरी. जे आजवर कानाला एकसंध वाटत होते ते प्रत्यक्षात थरांवर थर रचून उभे केलेले असते, हे त्याला तेव्हा प्रथम उमगले. ही आठवण त्याने स्वतःच मुलाखतींतून सांगितली आहे.

पंचवीस वर्षांच्या अवधीत घराच्या किमतीचे यंत्र न्याहारीच्या खोक्यात येऊन बसले. यंत्राची ही घसरलेली किंमत ज्यांच्या लक्षात येत नाही, त्यांना स्वतंत्र संगीतकारांची नवी पिढी एकाएकी कोठून उपजली याचा उलगडा होत नाही. परंतु केवळ तेवढ्यावरून सर्व उलगडा होतो असेही नाही. तशी तबकडी हजारो मुलांच्या घरी गेली असली पाहिजे, आणि बहुतेकांनी ती दोन दिवस खेळून फेकूनही दिली असेल.

स्ट्रेटनने ती फेकली नाही. पुढील काही वर्षे त्याने आपल्या खोलीत बसून, अधिक सुधारलेल्या प्रणाली हाताळत, रचना करण्याचा अभ्यास केला. ख्रिस एमर्सन या मित्राबरोबर ‘व्हॉट सो नॉट’ ही जोडी त्याने जमविली. नृत्यगृहांत चालणारे जोरकस संगीत हा जोडीचा विषय. स्वतःच्या खोलीतले काम मात्र निराळ्या वळणाचे होते. २०११ मध्ये ‘फ्यूचर क्लासिक’ या सिडनीतील लहानशा ध्वनिमुद्रिका-संस्थेने नव्या रचनाकारांसाठी घेतलेल्या स्पर्धेत त्याने आपल्या रचना पाठविल्या. नेथन मॅक्ले यांनी उभी केलेली ही संस्था जगाचा व्यापार मुठीत धरून बसलेल्या बड्या कंपन्यांपैकी नव्हे. तिने या विशीतल्या तरुणाला हाताशी धरले, आणि नोव्हेंबर २०१२ मध्ये ‘फ्लूम’ याच शीर्षकाचा त्याचा पहिला संग्रह प्रसिद्ध झाला. बहुतांश काम आईवडिलांच्या घरातील निजण्याच्या खोलीत झाले होते. पुढे हा संग्रह ऑस्ट्रेलियातील विक्रीच्या यादीत पहिल्या क्रमांकावर गेला.

त्यात असे नवीन काय होते? पाश्चात्त्य नृत्यसंगीताची रूढ घडण सरळ असते. पडघमाचा ठोका मिनिटाला एकशेवीस किंवा त्याहून थोडा अधिक वेळा, घड्याळाच्या काट्यासारखा पडतो आणि नाचणाऱ्याचे पाऊल त्याला बांधलेले असते. फ्लूमच्या रचनांत ठोका किंचित मागे रेंगाळतो. ऐकणाऱ्याने पाय उचलावा आणि सम अर्ध्या श्वासाने उशिरा यावी, अशी ती चाल. दुसरी गोष्ट स्वरपटाची. पडघम वाजला की बाकीचे सर्व सूर क्षणभर दबतात आणि मग भरतीच्या लाटेप्रमाणे पुन्हा वर येतात. त्यामुळे सगळी रचना जणू श्वास घेत असल्याचा भास होतो. ही युक्ती त्याने शोधून काढलेली नव्हे, नृत्यसंगीतात ती पूर्वीपासून होती. परंतु इतरांनी ती जोर आणण्यासाठी वापरली, तर याने हळवेपणासाठी. तिसरी गोष्ट मानवी कंठाची. गायिकेच्या आवाजाचे बारीक तुकडे करून, त्यांतील शब्द पुसून, केवळ स्वराचे कण तो सुरावटीत ओवतो. शब्दांवाचून आलाप ऐकण्याची सवय असलेल्या भारतीय श्रोत्याला हे सहज रुचावे. फरक एवढाच, की येथे आलाप गायकाने केलेला नसतो, तो कापून जोडलेला असतो.

कळ दाबणारा माणूस संगीतकार कसा, हा आक्षेप या ठिकाणी हटकून घेतला जातो. त्यात तथ्य नाही असे नव्हे. एकदा जुळविलेली रचना यंत्र अचूक वाजविते, तेथे रियाजाच्या बोटांना काम नसते. पण काम गळ्यातून वा बोटांतून कानात सरकलेले असते. कोणता आवाज ठेवावयाचा, कोणता टाकावयाचा, ठोका किती रेंगाळू द्यावयाचा, हे यंत्र सांगत नाही. २०१३ साली ऑस्ट्रेलियाच्या ध्वनिमुद्रण-उद्योगाने दिलेल्या वार्षिक ‘एरिया’ पुरस्कारांत फ्लूमला चार पारितोषिके मिळाली. त्यांत उत्कृष्ट निर्मात्याचे होते, आणि सर्वोत्कृष्ट पुरुष कलावंताचेही. एरवी गायकांच्या वाट्याला येणारा हा मान ज्याच्या मुद्रिकांवर गातात ते इतरच, अशा माणसाला दिला गेला. कलावंत या शब्दाची व्याख्या बदलत असल्याची ती कबुलीच होती.

लहान संस्थेचे गाणे एवढ्या मोठ्या खंडभर पोहोचले कसे, याचे उत्तर नभोवाणीत आहे. ऑस्ट्रेलियन ब्रॉडकास्टिंग कॉर्पोरेशन ही सरकारी पैशावर चालणारी प्रसारण-संस्था. जानेवारी १९७५ मध्ये तिने सिडनीत तरुणांसाठी एक स्वतंत्र केंद्र सुरू केले. तेच पुढे ‘ट्रिपल जे’ झाले आणि १९८९ पासून सिडनीबाहेर पसरत देशव्यापी बनले. जाहिरातींचे ओझे नसल्यामुळे अनोळखी देशी कलावंतांना जागा देणे त्याला परवडते. दरवर्षी श्रोत्यांच्या मतांवरून शंभर गाण्यांची क्रमवारी ते प्रसारित करते. भारतीय श्रोत्यांच्या जुन्या पिढीला या ठिकाणी बिनाका गीतमालेची आठवण होईल. परंतु ती गीतमाला १९५२ साली सुरू झाली ती रेडिओ सिलोनवर, कारण त्या काळी आकाशवाणीने चित्रपटगीतांशी सोयरीक तोडली होती. सरकारी नभोवाणीने तरुण कानांना दार उघडे ठेवणे आणि ते लावून घेणे, यांच्या परिणामांत किती अंतर पडते, याची ही दोन उदाहरणे शेजारी ठेवून पाहण्याजोगी आहेत. २०१२ या वर्षाच्या यादीत फ्लूमचे ‘होल्डिन ऑन’ चौथे आले.

दूरत्व हे ऑस्ट्रेलियाच्या इतिहासाचे एक प्रमुख सूत्र मानले जाते. जेफ्री ब्लेनी या इतिहासकाराने १९६६ मध्ये आपल्या ग्रंथाला ‘अंतराची जुलूमशाही’ अशा अर्थाचे नाव दिले होते. संगीतकारांनी ती जुलूमशाही पुरेपूर सोसली आहे. नाव मिळवावयाचे तर लंडनला जावे, तेथे उपाशी राहावे आणि दाद मिळाली तर परतावे, असा रिवाज होता. ध्वनी संगणकाच्या जाळ्यातून प्रवास करू लागल्यावर गाण्याला बोटीचे तिकीट काढावे लागेना. फ्लूमची मुद्रिका इंग्लंडमध्ये आणि अमेरिकेत निघाली तीही तेथील लहान स्वतंत्र संस्थांच्या हातांनी. बड्या कंपनीचे छत्र न घेता सागरापारच्या छोट्या छोट्या हातांची ही साखळी जोडणे, हे फ्यूचर क्लासिकचे खरे कर्तृत्व होय. स्वतंत्र या शब्दाचा अर्थ एकाकी असा करू नये, हे या साखळीवरून दिसते.

मे २०१६ मध्ये ‘स्किन’ हा दुसरा संग्रह आला. यातील ‘नेव्हर बी लाइक यू’ हे गीत कॅनडातील गायिका काई हिने गायिले आहे. ऑस्ट्रेलियात ते पहिल्या क्रमांकावर गेले आणि अमेरिकेच्या प्रमुख यादीत विसाव्या स्थानापर्यंत चढले. ट्रिपल जेच्या २०१६ च्या क्रमवारीत, वीस लाखांहून अधिक मतांतून, ते अग्रस्थानी आले. ही यादी २६ जानेवारी २०१७ रोजी जाहीर झाली. तो त्या देशाचा राष्ट्रीय दिवस. तेथील आदिवासी समाजाला तो आक्रमणाचा दिवस वाटतो, हे लक्षात घेऊन प्रसारण-संस्थेने पुढील वर्षापासून यादीचा दिवस बदलला.

फेब्रुवारी २०१७ मध्ये अमेरिकेत ग्रॅमी पुरस्कार जाहीर झाले. नृत्य व इलेक्ट्रॉनिक संगीताच्या उत्कृष्ट संग्रहासाठी ज्यांची नावे पुढे होती त्यांत इंग्लंडची ‘अंडरवर्ल्ड’ ही जुनीजाणती जोडी होती, आणि झाँ-मिशेल जारही होते. सिडनीच्या फेअरलाइट यंत्रावर १९८१ मध्ये एक गाजलेला संग्रह रचणारे तेच हे जार. पुरस्कार ‘स्किन’ला मिळाला. घराच्या किमतीचे वाद्य वाजविणारा थोर बुजुर्ग आणि खोक्यातल्या तबकडीवर शिकलेला पंचवीस वर्षांचा तरुण एकाच यादीत यावेत, या योगायोगाकडे त्या वेळी फारसे कोणाचे लक्ष गेले नसावे.

या यशाची दुसरी बाजूही सांगितली पाहिजे. खोलीत एकट्याने बसून महिनोन्‌महिने घडविलेले संगीत हजारोंच्या समोर मंचावर कसे सादर करावयाचे, हा या पद्धतीतला न सुटलेला पेच आहे. गायक गातो, वादक वाजवितो. रचनाकाराने मंचावर काय करावे? २०१३ च्या दौऱ्यात फ्लूमने आपल्यापुढे षट्कोनी आरसे आणि दिवे यांची एक चमकदार मांडणी उभी केली. श्रोत्यांच्या डोळ्यांना ती पुरली, पण त्यामागे उभ्या असलेल्या माणसाचा प्रश्न तिने सुटला नाही. विमानतळ, हॉटेल, रात्रीचे कार्यक्रम या रहाटगाडग्यात त्याला मानसिक अस्वस्थतेने गाठले. मद्याचा आधार घ्यावा लागला, हे सर्व सोडून द्यावे असेही वाटले, हे त्याने नंतर उघडपणे सांगितले. एकांतात काम करण्याची आवड असलेल्या माणसाला उपजीविकेसाठी गर्दीपुढे उभे राहावे लागते. ध्वनिमुद्रिकांच्या विक्रीवर कलावंताचे पोट भरण्याचे दिवस मागे पडल्यानंतर या व्यवसायातील अनेकांची हीच अडचण झालेली आहे.

२०१९ मध्ये त्याने ‘हाय धिस इज फ्लूम’ हा खडबडीत, तुटक आवाजांचा संग्रह काढला. गोड सुरावटींची वाट पाहणाऱ्या चाहत्यांना तो काहीसा बुचकळ्यात टाकणारा होता. तरी ग्रॅमीच्या नामांकनांत तो आला. धंद्याच्या हिशेबाने पाहता यशस्वी घाट मोडणे वेडेपणाचे. असा वेडेपणा करण्याची मुभा मोठ्या कंपनीने इतक्या सहज दिली असती काय, याबद्दल शंका घेण्यास जागा आहे.

महामारीच्या काळात लॉस एंजलिस सोडून तो न्यू साउथ वेल्सच्या उत्तरेकडील किनारी भागात परत आला. तेथे घराभोवती पक्षी फार. त्यांचे आवाज त्याने टिपून घेतले, आणि मे २०२२ मध्ये निघालेल्या ‘पॅलेसेस’ या संग्रहात विद्युत्-सुरांच्या मधून ते ऐकू येतात. त्यातील ‘से नथिंग’ हे मे-ए या तरुण ऑस्ट्रेलियन गायिकेबरोबरचे गीत ट्रिपल जेच्या २०२२ च्या यादीत पुन्हा पहिले आले. जानेवारी २०२३ मध्ये ही यादी वाचली जात असताना तेरा वर्षांची किती मुले आपापल्या खोल्यांत संगणकापुढे बसलेली असतील, याची मोजदाद नाही.