किऑसचें बेट आणि खामगांवचा बाजार

ईजियन समुद्रांतील किऑस हें बेट कोठें, आणि आपल्या बुलढाणा जिल्ह्यांतील खामगांव कोठें! तथापि गेल्या दीड शतकाचा इतिहास पाहतां या दोहोंस जोडणारा एक धागा सांपडतो. तो धागा कापसाचा आहे.

रॅली हें मूळचें किऑसचें ग्रीक घराणें. १८१८ सालीं या घराण्यांतील भावांनीं लंडनमध्यें पेढी घातली. पुढें १८२२ सालीं तुर्की फौजेनें बेटावर भयंकर कत्तल केली आणि वांचलेलीं अनेक कुटुंबें देशोधडीस लागलीं. ग्रीक इतिहासकार गेलिना हार्लाफ्टिस यांनीं १९९६ सालच्या आपल्या ग्रंथांत या किऑसकरांचें काळ्या समुद्रापासून लंडनपर्यंत पसरलेलें जाळें उलगडून दाखविलें आहे. नातें आणि सोयरीक हीच त्यांची पत होती. त्या जाळ्याची एक शाखा १८५१ सालीं कलकत्त्यास आणि १८६१ सालीं मुंबईस पोंचली.

त्याच वर्षीं अमेरिकेंत यादवी युद्ध पेटलें. लँकेशायरच्या गिरण्या कापसावांचून अडल्या आणि वऱ्हाडच्या मालाला सोन्याचा भाव आला. १८७० सालीं जलंबपासून खामगांवापर्यंतचा आठ मैलांचा लोहमार्ग व्हाइसरॉय लॉर्ड मेयो यांच्या हस्तें खुला झाला. रॅली, तसेच स्विस व्होल्कार्ट, यांसारख्या पेढ्या वऱ्हाडांतून कापूस उचलूं लागल्या.

येथवरची हकीकत पेढीच्या दप्तरांतून लिहितां येते. परंतु दप्तराला शहर दिसतें तें गांठींच्या आंकड्यांपुरतें. रात्रभर गाडी हांकून पहाटे बाजार गांठणारा शेतकरी, रुमालाखालीं बोटें धरून भाव ठरविणारा दलाल, तोलारी, हमाल, जिनांत राबणाऱ्या बायका, यांचा दिवस कसा उगवत होता व कसा मावळत होता? १८९७ सालीं कापूस व धान्य यांच्या बाजारांसाठीं वऱ्हाडांत कायदा झाला. हिंदुस्थानांतील अशा प्रकारचा तो पहिलाच. त्यानें कुणब्याच्या पदरांत काय पडलें, तोलाई, हमाली आणि कटती वजा जातां त्याच्या हातीं किती रुपये उरले, याचा जबाब लंडनच्या वहींत मिळणार नाहीं. तो येथील अडत्यांच्या मोडी चोपड्यांत शोधावा लागेल.

आणि त्या चोपड्या माळ्यावर वाळवीच्या तोंडीं पडत आहेत किंवा रद्दीच्या भावानें विकल्या जात आहेत. मोडी वाचणारेहि विरळ होत चालले आहेत. परदेशस्थ व्यापाऱ्याची कथा त्याच्या जन्मभूमींत सुरू होते, पण ज्याच्याशीं त्यानें व्यवहार केला त्याच्या दारीं आल्यावांचून ती पुरी होत नाहीं. आपल्या घरीं अशी जुनी वही असल्यास ती टाकून देण्यापूर्वीं एकवार मोडी जाणणाऱ्याच्या हातीं द्यावी, एवढीच विनंति.