काचेतील मूर्ती आणि कार्ल्याचा उजेड



१९५३ साली फ्रान्समध्ये एक प्रायोगिक लघुपट तयार झाला. मूर्तींनाही मरण असते, असा त्याच्या नावाचा अर्थ. आलँ रेने, ख्रिस मार्कर आणि गिस्लँ क्लोके हे त्याचे दिग्दर्शक. अर्ध्या तासाच्या या पटाला कथानक नाही, नायक नाही. युरोपातील संग्रहालयांत मांडलेल्या आफ्रिकी मूर्ती आणि मुखवट्यांमधून कॅमेरा हिंडतो, थबकतो, पुन्हा चालू लागतो. ज्या मूर्तीशी एखाद्या गावाचे जगणे-मरणे बांधलेले होते, ती काचेच्या कपाटात नुसती प्रेक्षणीय वस्तू होऊन बसली, हे त्याचे म्हणणे. मग ती येथवर आली कशी, हा प्रश्न ओघानेच येतो आणि तो थेट वसाहतवादाला जाऊन भिडतो. १९५४ साली या पटाला जाँ व्हिगो पारितोषिक लाभले. तरीही फ्रेंच सेन्सॉरने त्याचा उत्तरार्ध दहा वर्षांहून अधिक काळ अडवून धरला. स्वातंत्र्य, समता, बंधुतेच्या माहेरघरी हे घडले!

खंडाळ्यात या पटाची आठवण काढण्याचे कारण हाकेच्या अंतरावर आहे. कार्ल्याचे चैत्यगृह सुमारे १२४ फूट लांब, भारतातील कोरीव चैत्यगृहांत सर्वांत मोठे. वैजयंतीच्या भूतपाल श्रेष्ठीचे नाव तेथील शिलालेखात आहे. खांबांवर धेनुकाकटच्या यवन दात्यांचीही नावे आहेत. छताखालच्या प्राचीन लाकडी कमानी अद्याप जागेवर आहेत. लेणे बौद्ध, आणि त्याच्या दारातच कोळी बांधवांची कुलस्वामिनी एकवीरा आई! चैत्रात तिच्या यात्रेला पालख्या येतात. तेथे गर्दी आहे, गोंगाट आहे, कधी कचराही असतो. पण कपाटाची काच नाही.

संग्रहालयांना नावे ठेवण्याचा येथे हेतू नाही. त्यांनी सांभाळले नसते, तर पुष्कळ काही मातीस मिळाले असते. मात्र शिल्प उचलून नेता येते, त्याच्यावर पडणारा उजेड नेता येत नाही. कार्ल्याचे लेणे पश्चिमाभिमुख आहे. दुपार कलली की नालाकृती गवाक्षातून ऊन आत उतरते आणि खांबांमधून स्तूपाकडे सरकू लागते.

आपल्या तरुणांच्या खिशात आज कॅमेरा आहे. त्यांनी तेथे एक दुपार काढावी. निवेदन बेताचेच ठेवावे. ढोलांचा आवाज बाहेरून येईलच. भाज्याला वाद्य वाजवणारी एक पाषाणातील स्त्री आहे, तिच्याकडे दुसऱ्या दिवशी जावे.