युल्त्सेनच्या फलाटावर दीड तास
(वर्धापनदिनाच्या सभेत केलेले भाषण)



परदेशातून आलेल्या बाईने काहीतरी भव्य सांगावे अशी अपेक्षा असते. मी मात्र एका रेल्वे स्टेशनाविषयी बोलणार आहे. थोरलीकडे हाम्बुर्गला गेले होते, तेव्हाची ही गोष्ट. हानोव्हरला भाचीकडे दोन दिवस राहून मी एकटीच परत निघाले. वाटेत युल्त्सेन नावाच्या गावी गाडी बदलायची होती. लेकीने फलाटाचा आकडा चिठ्ठीवर लिहून दिला होता. पण माझी गाडी उशिरा पोहोचली आणि पुढची निघून गेली. फोन केव्हाच मान टाकून बसला होता. भाषा येत नाही, वय सदुसष्ट, हातात पिशवी. खोटे कशाला सांगू, डोळ्यांत पाणी आले.

बाकावर बसले आणि मग इकडेतिकडे पाहिले. स्टेशन म्हणावे की जत्रेतला देखावा? खांब मडक्यांसारखे फुगीर, निळे, हिरवे, तांबडे, चकचकीत. मनोऱ्यांवर सोनेरी गोळे. छपरावर चक्क झाडे! आणि आतली जमीन काही ठिकाणी लाटेसारखी वरखाली. माझ्या गुडघ्यांना ती मुळीच आवडली नाही, आणि ही फरशी पुसते कोण, हा विचार तर आधी आला. आपल्या डोक्यात दुसरे काय येणार!

माहिती मी नंतर मिळवली. युल्त्सेन हे तीस-पस्तीस हजार वस्तीचे गाव. तिथे मोठा साखर कारखाना आहे, पण उसाचा नव्हे, बीटाचा. १८४७ साली त्सेलेहून हार्बुर्गला जाणारा लोहमार्ग या गावावरून गेला. १८७३ साली पूर्वेच्या श्टेंडालकडून ब्रेमेनच्या बाजूला जाणारा दुसरा मार्ग त्याला येऊन मिळाला. बंदर गाठून बोटीने अमेरिकेला जाणारी माणसे या मार्गाने जात, म्हणून त्याला 'अमेरिका मार्ग' असेच नाव पडले. घरदार विकून, मुले कडेवर घेऊन निघालेल्या किती बायांनी इथे गाडीची वाट पाहिली असेल! आजची विटांची इमारत १८८७ सालची, दोन्हीकडच्या रुळांच्या मध्ये बेटासारखी उभी. महायुद्धानंतर देशाची फाळणी झाली, सरहद्द गावाच्या पूर्वेला जवळच आली आणि त्या बाजूची वाट तुटली. जर्मनी १९९० साली एक झाला, तरी झाल्त्सवेडेलकडे गाड्या पुन्हा जाऊ लागायला १९९९ उजाडले.

जुन्या इमारतीचे काय करायचे, असा प्रश्न होताच. गावकऱ्यांनी एक मंडळ काढले आणि हुंडर्टवासर या नामांकित व्हिएन्नावासी चित्रकाराला गळ घातली. नावाचा अर्थ 'शंभर पाणी'. ते त्याने स्वतःच घेतलेले. सरळ रेघेशी या गृहस्थाचे हाडवैर. माणसाच्या पायाला उंचसखल जमीन लागावी, आणि घर बांधताना झाडांची जी जागा आपण घेतो ती छपरावर परत द्यावी, असे त्याचे मत. काम चालू असतानाच फेब्रुवारी २००० मध्ये बोटीवर त्याचा अंत झाला. त्याच वर्षी नोव्हेंबरात स्टेशन खुले झाले. आता निव्वळ ते पाहायला लोक गाडीतून उतरतात.

पण माझे काम त्या सोनेरी गोळ्यांनी झाले नाही. निळी बंडी घातलेली एक बाई माझ्यापाशी येऊन वाकली आणि मोडक्या इंग्रजीत 'मदत हवी का' म्हणाली. माझे इंग्रजी तिच्याहून मोडके, म्हणून आमचे छान जमले. स्टेशनातच तिची एक खोली होती. तिथे तिने चहा दिला, चिठ्ठीवरचा नंबर फिरवून लेकीशी बोलणे करून दिले, आणि वेळ झाल्यावर पिशवी उचलून मला गाडीत बसवून दिले. पैसे पुढे केले, तर हात मागे घेतला.

या कामाला तिकडे 'बानहोफ्समिशन' म्हणतात, म्हणजे स्टेशनावरची सेवा. १८९४ साली बर्लिनमध्ये एका पाद्र्याच्या पुढाकाराने ती सुरू झाली. खेड्यांतून पोरी नोकरीसाठी शहरात येत. स्टेशनावर उतरताच गोड बोलून फसवणारे टपलेले असत. म्हणून बाया फलाटावर उभ्या राहून या पोरींना सुरक्षित जागी नेत. म्युनिकला १८९७ मध्ये एलेन आम्मान या बाईंनी असेच काम उभारले. नाझींच्या काळात ते बंद पाडले गेले. युद्ध संपल्यावर पुन्हा सुरू झाले. आज शंभराच्या आसपास स्टेशनांवर ते चालते. चर्चच्या संस्था चालवतात, पण धर्म कोणी विचारत नाही. आंधळ्याला गाडी बदलून देतात, बेघराला चहा देतात, नुसते बसायचे असेल तर बसू देतात. बहुतेक जण बिनपगारी. माझी बाई निवृत्त शिक्षिका. आठवड्यातून दोन दुपारी येत असे.

गेल्या वर्षी इस्पितळाबाहेर ताटकळणाऱ्या नातेवाइकांसाठी चहापाण्याची सोय करावी, असा विषय आपल्या बैठकीत निघाला होता. "रोज बसणार कोण?" इथे तो मिटला. हात वर न करणाऱ्यांत मीही होते. आज दर मंगळवारची दुपार मी माझ्या नावावर लिहून घेते. उरलेले वार तुमच्यासमोर आहेत.

हो, एक राहिले. निघताना मी त्या बाईला डब्यातले दोन लाडू दिले. कशाचे, म्हणून विचारले, तेव्हा मी म्हटले, "बेसन." तिने चमकून लाडवाकडे पाहिले, माझ्याकडे पाहिले, आणि धीर करून एक घास घेतला. घरी लेकीला सांगितले तर ती हसून लोळायची बाकी राहिली. त्यांच्या भाषेत 'बेझेन' म्हणजे केरसुणी!